मजुरीचे माप आणि शिक्षणाचा मान



सर्व स्तुती त्या अल्लाहसाठी, ज्याने आकाशाला उंची दिली आणि माणसांच्या व्यवहारासाठी तराजू नेमून दिला. दरूद व सलाम असो अंतिम प्रेषित हजरत मुहम्मद (स.) यांच्यावर, ज्यांनी तरुणपणी मक्केत मजुरीने बकऱ्या राखल्या आणि पुढे मजुराच्या हक्काची जाणीव साऱ्या जगाला करून दिली.

दिवाळी सरली की आपल्या यवतमाळ जिल्ह्यात कापूस वेचणीला वेग येतो. राळेगाव, कळंब, घाटंजी, दारव्हा, कोणत्याही रस्त्याने जा, कमरेला ओटी बांधून वेचणी करणाऱ्यांच्या रांगा दिसतात. त्या रांगेत शाळेचे तोंड कधी न पाहिलेली आजी असते आणि सुट्टीत घरी आलेला, महाविद्यालयात शिकणारा तिचा नातूही असतो. सायंकाळी बांधावर काटा लागतो. गाठोडी एकेक करून काट्यावर चढतात. जितके किलो, तितके पैसे. आजीचे गाठोडे जड भरले तर आजीला जास्त मिळतात, नातवाचे भरले तर नातवाला. काटा कोणाची पदवी विचारत नाही आणि याचे कोणाला नवलही वाटत नाही.

रोजगार हमी योजनेचेही तत्त्व हेच. १९७२ च्या भीषण दुष्काळात या योजनेने महाराष्ट्राच्या गावोगावी चूल पेटती ठेवली. त्या वेळी राज्याचे मुख्यमंत्री आपल्याच जिल्ह्यातील, पुसदचे वसंतराव नाईक होते. पुढे १९७७ मध्ये तिचा कायदा झाला आणि २६ जानेवारी १९७९ पासून तो अमलात आला. मातीकाम मोजले जाई आणि मापाप्रमाणे मजुरी मिळे. पुरुष असो वा स्त्री, मॅट्रिक झालेला असो वा अंगठाबहाद्दर, दर एकच.

पण तीच माणसे शेत आणि बांध सोडून शाळेत, दवाखान्यात, कार्यालयात वा कारखान्यात कामाला लागली की काटा दिसेनासा होतो. एकाच इयत्तेच्या दोन तुकड्या असतात. दोन शिक्षिका तोच अभ्यासक्रम शिकवतात, तितक्याच वह्या तपासतात, तितकेच तास उभ्या राहतात. एकीजवळ पदव्युत्तर पदवी आहे, दुसरीजवळ नाही. महिनाअखेरीस एकीच्या हाती पडणारी रक्कम दुसरीच्या दुप्पट असते. दुसरी मनात म्हणते, "मी काय कमी काम केले?" पहिली म्हणते, "मी इतकी वर्षे अभ्यास केला, वडिलांनी कर्ज काढून शिकवले, ते काय फुकट?" दोघींच्या बोलण्यात तथ्य आहे. म्हणूनच हा वाद अवघड आहे आणि म्हणूनच अल्लाहच्या ग्रंथाचे आणि प्रेषितांच्या शिकवणीचे मार्गदर्शन घेऊन तो समजून घेणे आपले कर्तव्य ठरते.

कायदा काय सांगतो

आपल्या देशात हा प्रश्न अनेकदा न्यायालयात गेला आहे. राज्यघटनेच्या अनुच्छेद ३९ (घ) ने स्त्री-पुरुषांना समान कामासाठी समान वेतन हे राज्याच्या धोरणाचे तत्त्व म्हणून सांगितले. १९८२ मध्ये दिल्ली पोलिसांतील एका वाहनचालक शिपायाच्या, रणधीर सिंह यांच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने या तत्त्वाला घटनेचे ध्येय मानून त्याला बळ दिले. २६ ऑक्टोबर २०१६ रोजी जगजित सिंह खटल्यात त्याच न्यायालयाने निकाल दिला की, नियमित कर्मचाऱ्याचेच काम करणाऱ्या तात्पुरत्या कर्मचाऱ्याला त्या वेतनश्रेणीतील किमान वेतन मिळाले पाहिजे. त्या खंडपीठातील दोन न्यायमूर्तींपैकी एक आपल्या विदर्भाचे, नागपूरचे शरद बोबडे होते.

मात्र शिक्षणातील फरकाच्या प्रश्नावर न्यायालयाची भूमिका निराळी राहिली आहे. १९६७ मध्ये म्हैसूर राज्याच्या अभियांत्रिकी खात्यातील ट्रेसरांचा, म्हणजे नकाशे गिरवून काढणाऱ्या कर्मचाऱ्यांचा खटला सर्वोच्च न्यायालयापुढे आला. मॅट्रिक झालेल्या ट्रेसरांना जास्त आणि मॅट्रिक नसलेल्यांना कमी, अशा दोन वेतनश्रेणी सरकारने केल्या होत्या. उच्च न्यायालयाने कर्मचाऱ्याच्या बाजूने निकाल दिला होता. सर्वोच्च न्यायालयाने तो फिरवला आणि शिक्षणाच्या आधारावर असा भेद करणे राज्यघटनेच्या विरुद्ध नाही, असे ठरवले. नंतरच्या निकालांतही शैक्षणिक पात्रतेतील फरक हा वेतनभेदाचा ग्राह्य आधार मानला गेला.

म्हणजे कायद्याने एक मोकळीक दिली आहे. परंतु मुस्लिम माणसाचा हिशेब कायद्याच्या मोकळिकीपाशी संपत नाही. न्यायालय वेतनश्रेणी पाहते. अल्लाह ती ठरवणाऱ्याचे मन आणि ती घेणाऱ्याचे घर, दोन्ही पाहतो. जे कायद्याने चालते त्यातील किती अल्लाहसमोर चालेल, हा आपला खरा प्रश्न आहे.

लोकांच्या वस्तूंत घट करू नका

पवित्र कुरआनात हजरत शुऐब (अ.) यांची हकीकत वारंवार आली आहे. मदयनचे लोक व्यापारी होते. त्यांच्या प्रेषितांनी एकेश्वरत्वाच्या आवाहनापाठोपाठ त्यांना सांगितले की माप आणि तोल पुरा करा आणि लोकांना त्यांच्या वस्तू कमी करून देऊ नका (सूरह आराफ, आयत ८५, सूरह हूद, आयत ८५). येथे आयतीत आलेला 'अश्या' हा शब्द व्यापक आहे. धान्य, कापूस, सोने एवढ्यापुरताच तो नाही. माणसाची जी जी म्हणून हक्काची गोष्ट, ती तिच्यात येते आणि मजुराजवळ त्याच्या श्रमाशिवाय दुसरी वस्तू ती कोणती? त्याचे आठ तास ही त्याची वस्तू आहे. ते पुरे घेऊन मोबदला अपुरा देणे हीसुद्धा मापातली घट आहे.

सूरह मुतफ्फिफीनच्या आरंभी अल्लाहने अशा लोकांच्या विनाशाची वार्ता दिली आहे, जे घेताना माप भरून घेतात आणि देताना कमी देतात. कापसाच्या काट्यात खोट निघाली तर आपल्या जिल्ह्यातला शेतकरी पेटून उठतो आणि ते योग्यच आहे. पण आपल्या दुकानातल्या, संस्थेतल्या, घरातल्या माणसाच्या श्रमाला आपण कोणता काटा लावतो, हे आपण क्वचितच पाहतो.

प्रेषितांचे एक वचन इमाम बुखारी (रह.) यांनी नोंदवले आहे. त्याचा आशय असा की, तीन प्रकारच्या माणसांविरुद्ध कयामतच्या दिवशी अल्लाह स्वतः वादी होऊन उभा राहील. त्यांपैकी एक तो, ज्याने मजूर लावला, त्याच्याकडून काम पुरे करून घेतले आणि त्याची मजुरी दिली नाही. बंधूंनो, दुनियेतल्या न्यायालयात मजुराला वकील मिळो न मिळो, तेथे वादी कोण आहे, याचा क्षणभर विचार करा.

ज्ञानाला दर्जा आहे, मग मजुरीत का नाही?

येथे एक आक्षेप हमखास येतो. सूरह जुमरच्या ९ व्या आयतीत विचारले आहे की जाणणारे आणि न जाणणारे बरोबरीचे असू शकतात काय? सूरह मुजादिलाच्या ११ व्या आयतीत श्रद्धावंतांचे व ज्ञान मिळालेल्यांचे दर्जे उंचावण्याचे वचन आहे. मग शिकलेल्याला जास्त वेतन दिले तर त्यात अन्याय कसला?

या आयती सत्य आहेत. प्रश्न त्या कोठे लागू करायच्या याचा आहे. सूरह जुमरची तीच आयत आरंभापासून वाचा. ती रात्रीच्या प्रहरी सजद्यात आणि उभे राहून उपासना करणाऱ्या, परलोकाची धास्ती बाळगणाऱ्या आणि आपल्या पालनकर्त्याच्या दयेची आशा धरणाऱ्या माणसाविषयी बोलते. तेथील ज्ञान हे ईशभय निर्माण करणारे ज्ञान आहे. ते ज्ञान ज्याच्याजवळ आहे तो दुसऱ्याच्या हक्काविषयी अधिक जागरूक होतो. त्याच आयतीचा आधार घेऊन कमी शिकलेल्याची मजुरी कापणे म्हणजे आयतीचा रोखच उलटा फिरवणे होय.

तरीही पात्रतेला कुरआनात स्थान आहे आणि ते नेमके कोठे आहे हे पाहण्यासारखे आहे. हजरत यूसुफ (अ.) यांनी मिसरच्या कोठारांची जबाबदारी मागितली तेव्हा आपण जपणूक करणारे आणि जाणकार आहोत, असे कारण दिले (सूरह यूसुफ, आयत ५५). तालूत यांना राजा नेमले गेले तेव्हा लोकांनी त्यांच्या गरिबीवर बोट ठेवले. उत्तर मिळाले की अल्लाहने त्यांना ज्ञानात आणि शरीरसामर्थ्यात अधिक दिले आहे (सूरह बकरा, आयत २४७). हजरत मूसा (अ.) यांना कामावर ठेवण्याची शिफारस करताना त्या कन्येने दोनच गुण सांगितले, बलवान आणि विश्वासू (सूरह कसस, आयत २६).

वाचकहो, तिन्ही ठिकाणी पात्रता कधी विचारात घेतली गेली? काम सोपवताना. आणि कोणती पात्रता? त्या कामाला लागणारी. कोठारासाठी हिशेबाची जाण, सैन्यासाठी ज्ञान आणि बळ, कळपासाठी ताकद आणि इमान. मूसा (अ.) फिरऔनच्या राजवाड्यात वाढले होते. पण मदयनला सासऱ्यांशी झालेल्या करारात त्या राजवाड्याचा उल्लेखही नाही. आठ वर्षांची सेवा, दहा केली तर ती खुशीची. मालक म्हणतात, मी तुमच्यावर जाच करू इच्छित नाही. काम ठरले, मुदत ठरली, मोबदला ठरला आणि अल्लाहला साक्षी ठेवले गेले.

यातून एक सरळ नियम हाती येतो. पात्रता दारापाशी तपासावी. ज्या कामाला जी पात्रता लागते ती नसेल तर ते काम त्या माणसाला देऊ नये. परंतु एकदा त्याला आत घेतले, तेच काम त्याच्यावर सोपवले आणि ते त्याच्याकडून पुरे करून घेतले की मग मजुरी कामाची असते, कागदाची नव्हे. काम घेताना "तुला जमते" म्हणायचे आणि पैसे देताना "तुझी पात्रता नाही" म्हणायचे, ही दोन मापे झाली.

शिक्षण कामात उतरत असेल तर गोष्ट वेगळी. जास्त शिकलेली परिचारिका जोखमीचे रुग्ण सांभाळत असेल, शिकलेला पर्यवेक्षक इतरांच्या चुकांची जबाबदारी घेत असेल, पदवीधर शिक्षिका वरच्या वर्गाला विज्ञान शिकवत असेल, तर तेथे कामच अधिक आहे आणि अधिक कामाला अधिक मोबदला हाही न्यायच आहे. फिकहच्या ग्रंथांत मजुरी आधी ठरली नसेल तर 'उजरते-मिस्ल' द्यावी असे सांगितले आहे, म्हणजे तसेच काम करणाऱ्या तशाच माणसाला त्या ठिकाणी जी मजुरी मिळते ती. तेथे कौशल्याची दखल घेतली जाते, कारण कौशल्य कामात दिसते. पेटीत ठेवलेले प्रमाणपत्र कामात दिसत नाही.

हक्क आणि कृपा

सहीह बुखारीत एक दृष्टांत आला आहे. पूर्वीच्या ग्रंथधारकांची आणि या उम्मतची तुलना करताना प्रेषितांनी मजुरांचे उदाहरण दिले. काहींनी सकाळपासून दुपारपर्यंत काम केले आणि त्यांना एकेक किरात मिळाला. काहींनी दुपारपासून असरपर्यंत केले, त्यांनाही एकेक किरात मिळाला. शेवटी काहींनी असरपासून सूर्यास्तापर्यंत केले आणि त्यांना दोन-दोन किरात मिळाले. आधीचे रुष्ट झाले की आमचे काम जास्त आणि मजुरी कमी का? त्यांना विचारले गेले, तुमच्या हक्कातून काही कमी झाले काय? ते म्हणाले, नाही. तेव्हा उत्तर मिळाले की मग ही माझी कृपा आहे, ती मी इच्छितो त्याला देतो.

या दृष्टांताचा आधार घेऊन एखादा मालक म्हणेल, मीही इच्छितो त्याला जास्त देईन. त्याने दोन गोष्टी लक्षात घ्याव्यात. पहिली, कृपेचा प्रश्न येण्याआधी हक्काचा प्रश्न विचारला गेला आहे. कोणाच्याही ठरलेल्या हक्कातून कवडीही कमी झालेली नाही, हे मजुरांकडूनच वदवून घेतल्यावर कृपेची गोष्ट निघाली. दुसरी, अल्लाह साऱ्या खजिन्यांचा स्वामी आहे. मालक स्वतः त्याचा बंदा आहे, ज्याला "घट करू नका" असा हुकूम झालेला आहे. आणि संस्थेचा विश्वस्त तर त्या पैशाचा मालकही नाही. तो लोकांच्या देणगीचा, शुल्काचा, वक्फचा अमानतदार आहे. शिक्षणाचा मान राखावासा वाटला तर बक्षीस द्यावे, पुढील शिक्षणासाठी मदत करावी, पण आपल्या खिशातून. एकाच्या मजुरीतून कापून दुसऱ्याचा सन्मान करता येत नाही.

अबू बक्र (रजि.) आणि उमर (रजि.) यांची दोन मते

आपल्या पूर्वजांनाही हा प्रश्न पडला होता. हजरत अबू बक्र (रजि.) यांच्या काळात सार्वजनिक कोषातून वाटप होत असे, तेव्हा ते सर्वांना सारखे देत. काहींनी सुचवले की ज्यांनी आधी इस्लाम स्वीकारला, ज्यांनी यातना सोसल्या, त्यांना अधिक द्यावे. त्यांच्या उत्तराचा आशय असा होता की त्या श्रेष्ठत्वाची मला जाणीव आहे, पण त्याचा मोबदला अल्लाहजवळ आहे. ही उपजीविका आहे आणि उपजीविकेत बरोबरीच चांगली.

हजरत उमर (रजि.) खलीफा झाले तेव्हा त्यांनी दुसरी पद्धत स्वीकारली. प्रेषितांच्या विरुद्ध लढलेले आणि प्रेषितांच्या सोबत लढलेले यांना मी एका पातळीवर ठेवणार नाही, अशी त्यांची भूमिका होती. त्यांनी नोंदवही केली आणि सेवेच्या ज्येष्ठतेप्रमाणे श्रेणी लावल्या. पुढे काळ गेला, संपत्ती वाढली, अंतरही वाढले. आयुष्याच्या अखेरीस त्यांनी असा मनोदय व्यक्त केल्याचे इतिहासकार सांगतात की, पुढचे वर्ष पाहायला मिळाले तर मी मागच्यांना पुढच्यांच्या बरोबरीला आणीन. तसे घडण्याआधीच ते शहीद झाले. हजरत अली (रजि.) यांनी पुन्हा बरोबरीची पद्धत आणली.

हे वाटप होते, कामाचे वेतन नव्हते, हा भेद मान्य. दोन्ही मते अल्लाहला भिणाऱ्या माणसांची होती, म्हणून कोणावर बोट ठेवण्याचे कारण नाही. पण दोन धडे स्पष्ट आहेत. एक, माणसाच्या श्रेष्ठत्वाचा मोबदला आणि त्याच्या चुलीचा खर्च या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. दोन, श्रेणी लावणारा कितीही न्यायी असला तरी तिचे परिणाम पाहून ती दुरुस्त करण्याची तयारी त्याच्यात असली पाहिजे. उमर (रजि.) यांच्यासारख्या न्यायमूर्तीला आपल्या निर्णयाचा फेरविचार करण्यात कमीपणा वाटला नाही, आपल्या संस्थांच्या बैठकांत मात्र दहा-दहा वर्षे तोच वेतनाचा कागद पुढे सरकत राहतो.

आणि हेही आठवावे की अबू बक्र (रजि.) खलीफा झाल्यावरही कापडाचे गठ्ठे घेऊन बाजाराला निघाले होते. सोबत्यांनी त्यांना थांबवून बैतुलमालमधून त्यांचा खर्च ठरवला, तो एका मध्यम स्थितीतल्या मुहाजिराच्या गरजेइतका. या उम्मतच्या सर्वांत जाणत्या पुरुषाचे वेतन त्याच्या ज्ञानावरून ठरले नाही.

आपल्याच दारात

आता दूरची उदाहरणे सोडून आपल्या मशिदीत येऊ. अखिल भारतीय इमाम संघटनेच्या याचिकेवर मे १९९३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने इमामांना मोबदला मिळाला पाहिजे असा निकाल दिला आणि त्यासाठी योजना तयार करण्याचा आदेश दिला. त्या खटल्यात पंजाब वक्फ बोर्डाची पद्धत पुढे आली होती. तेथे इमामांच्या तीन श्रेणी होत्या, नाझरा, हाफिज आणि आलिम, आणि प्रत्येकीचे वेतन वेगळे होते. वक्फ बोर्डांनी पैशाची अडचण सांगितली, पण न्यायालयाने ती सबब मान्य केली नाही.

जरा विचार करा. फजरला थंडीत उठणारा नाझरा इमाम आणि आलिम इमाम, दोघांच्याही मागे आपली नमाज तितक्याच रकअतींची होते. पूर्वीच्या हनफी फकीहांनी इमामत, अजान आणि कुरआनची शिकवण यांवर मोबदला घेण्यास संमती दिली नव्हती. नंतरच्या विद्वानांनी ही कामेच बंद पडतील या भीतीने ती दिली आणि अनेकांनी असे समजावले की हा मोबदला इबादतीचा नसून त्या माणसाच्या बांधल्या गेलेल्या वेळेचा आहे. वेळ तर दोघांचाही तितकाच बांधला जातो! होय, आलिम इमाम जुम्याचे प्रवचन तयार करत असेल, मसले सांगत असेल, मकतब चालवत असेल, तर त्या कामाचा मोबदला त्याला अवश्य द्या. पण केवळ सनद पाहून एकाच्या घरी दूध आणि दुसऱ्याच्या घरी काळा चहा, असे होऊ नये. इमाम कोणाला करावे याचा निकष सहीह मुस्लिममध्ये आला आहे: ज्याला कुरआन अधिक येतो त्याला. म्हणजे पुन्हा तेच, पात्रता पाहायची ती मुसल्ल्यावर उभे करताना. आणि मुअज्जिन, मशिदीची झाडलोट करणारा खादिम, यांच्या मजुरीचा विषय तर आपल्या बैठकीत शेवटी निघतो, बहुधा लोक उठून गेल्यावर.

आपल्या शाळांचेही तसेच. शासनाने शिक्षणसेवकांचे मानधन जानेवारी २०२३ पासून वाढवून प्राथमिकसाठी १६,०००, माध्यमिकसाठी १८,००० आणि उच्च माध्यमिकसाठी २०,००० रुपये केले. ते पुरेसे आहे की नाही हा वाद वेगळा. पण खासगी शाळांमधून शिकवणाऱ्या आपल्या कितीतरी मुलींना याच्या निम्मेही मिळत नाही. कोठे सही एका रकमेवर घेतली जाते आणि हातात दुसरीच रक्कम ठेवली जाते. यात कमी देण्याचा गुन्हा आहेच. त्यावर खोट्या साक्षीचा दुसरा गुन्हा चढतो आणि तो आपण त्या गरजू मुलीकडूनच करवून घेतो. संस्थेच्या भिंतीवर इल्मच्या फजिलतीच्या हदिसा रंगवलेल्या असतात आणि इल्म देणारीच्या पर्समध्ये परतीच्या एसटीचे भाडे मोजून असते.

"संस्था गरीब आहे," असे सांगितले जाते. असू शकते. मग गरिबी सर्वांनी वाटून घ्यावी आणि हिशेब सर्वांसमोर मांडावा. इमारतीला दुसरा मजला चढतो तेव्हा ही गरिबी कोठे जाते?

काय करावे

मालकांनी, विश्वस्तांनी आणि घरी माणूस ठेवणाऱ्यांनी एक साधी कसोटी लावावी. ज्या दोघांना वेगवेगळे वेतन आहे, त्यांची नावे एका कागदावर लिहावी आणि जास्त मिळवणारा असे कोणते काम करतो, जे दुसरा करत नाही, हे नावाखाली मांडावे. मांडता आले तर तो भेद त्या कामाइतका ठेवावा. मांडता आले नाही तर तो भेद अल्लाहसमोर कसा मांडणार? बरोबरी करताना खालच्याला वर आणावे, वरच्याला खाली ओढू नये. कारण त्याने त्या ठरावावर घर उभे केले आहे. मजुरी काम सुरू होण्याआधी सांगावी, लिहून ठेवावी आणि इब्ने माजातील सुप्रसिद्ध हदीसप्रमाणे घाम सुकण्याआधी हातात ठेवावी.

जास्त शिकलेल्या बंधू-भगिनींनी दोन गोष्टी कराव्यात. आपल्या शिक्षणाने कामात भर पडते आहे ना, हे पाहावे. आणि बाजूच्या कमी शिकलेल्या सोबत्याच्या बाजूने बोलावे. तुमच्या बोलण्याने तुमचे काही घटणार नाही. पदवीसाठी काढलेले कर्ज हे खरे ओझे आहे, पण ते फेडण्याचा मार्ग दुसऱ्याच्या ताटातून जात नाही.

कमी शिकलेल्या बंधू-भगिनींनी हक्क मागताना लाजू नये. हक्क मागणे हे लोभाचे लक्षण नाही आणि त्यासाठी कायद्याचा आधार घेणे गैर नाही. पण काम खरोखर सारखे आहे का, हे आधी स्वतःला प्रामाणिकपणे विचारावे. खोटे प्रमाणपत्र जोडणे ही खियानत आहे आणि राग म्हणून कामात कसूर करणे ही आपल्या बाजूने झालेली मापातली घट आहे. कोणाविषयीचा राग न्यायापासून ढळवू नये, हा सूरह माइदाच्या ८ व्या आयतीतील आदेश मजुरालाही आहे, मालकालाही आहे. आणि शिकण्याची संधी मिळाली तर वय न पाहता शिकावे, कारण ज्ञानाचा खरा मोबदला कोणत्याही वेतनश्रेणीत बसत नाही.

शेवटी सर्व घरांसाठी एक विनंती. मुलांना शिकवा, खूप शिकवा. पण जेवताना त्यांच्यासमोर कोणा कामगाराविषयी "त्याला काय येते, तो तर दहावी नापास" असे बोलू नका. आज ते वाक्य ऐकणारा मुलगा उद्या कोणाचे तरी वेतन ठरवणार आहे.

सूरह अंबियाच्या ४७ व्या आयतीत त्या दिवसाचे वर्णन आहे, जेव्हा न्यायाचे तराजू मांडले जातील, कोणावर तिळमात्र अन्याय होणार नाही आणि मोहरीच्या दाण्याएवढे कृत्यही समोर आणले जाईल. बांधावरच्या त्या काट्याप्रमाणेच तो तराजूही कोणाची पदवी विचारणार नाही. आजीचे गाठोडे आजीचे असेल, नातवाचे नातवाचे. आणि मध्ये कोणी हात मारला असेल तर तो हातही तेथे उभा असेल.

हे अल्लाह, आम्हाला माप पुरे करणाऱ्यांत सामील कर. आमच्या हाताखाली काम करणाऱ्यांचा जो हक्क आमच्याकडे राहिला आहे, तो जिवंतपणी फेडण्याची सद्बुद्धी आणि सामर्थ्य दे. आमच्या शिकलेल्यांना नम्रता दे, आमच्या कष्टकऱ्यांना बरकत दे आणि आमच्या मशिदी, मदरसे व शाळा यांना अशा अन्यायापासून मुक्त कर, ज्याची तक्रार रात्रीच्या अंधारात थेट तुझ्यापाशी येते. आमीन.